ठसका

माय,

आज दिवसभर तुझाच आवाज ऐकत बसलेय. तू जाऊन इतकी वर्षं झाली, आणि नंदुरबारला मिरच्या वाळत घालतात त्या पथारीवर तेव्हा केलेलं चित्रीकरण आता कुठे माझ्या टेबलावर आलंय. माहितीपट होतोय त्याचा, संकलन माझ्याकडे. लाल ढिगापाशी बसून तू देठ खुडते आहेस. कॅमेऱ्यामागून मी विचारते, तोंडाला फडकं का नाही बांधत? तू हसतेस. "माले काय धाड भरनी? मिरची शे, ठसका लागीच." मग खोकतेस, बोलतेस, पुन्हा खोकतेस.

माझं काम तुला कधी नीट कळलं नाही. "मन्ही पोर पिच्चरमा शे," असं तू गल्लीभर सांगून आलीस. बाया टीव्हीसमोर जमल्या, आणि मी काही दिसेना! माझं नाव शेवटी बारीक अक्षरांत यायचं, तोवर शेजारच्या काकूंनी चॅनल बदललेला. नंतर भाकरी थापता थापता तू विचारलंस, "मंग तू करस तरी काय?" म्हटलं, लोक बोलतात त्यातलं नको ते कापते. तुझा हात पिठातच थांबला. "ओ माय वं! बोलनारले मझारमा तोडू नई, पोरी." किती चिडले होते मी. आता कुणाचंही वाक्य कापायला घेतलं की आधी तेच ऐकू येतं.

दिग्दर्शक भला माणूस आहे, पण त्या चित्रीकरणाच्या वेळी तो नव्हता. म्हणाला, "ताई, त्या बाई छान बोलतात, तेवढा खोकला काढा." त्या बाई माझी आई, हे मी सांगितलं नाही. एकेक ठसका उचलून बाजूला काढला. आता तू अगदी स्वच्छ बोलतेस, जणू मिरचीनं तुझं काही बिघडवलंच नाही. तिनंच तर नेलं ना गं तुला. छे, हे जमायचं नाही. उद्या सगळे ठसके होते तिथे परत लावते, आणि त्याला सांगते की बोलणाऱ्याला मधे तोडू नये.

हे पाठवणार कुठे? इथेच राहू दे. एक मात्र सांगते. काढलेले ठसके मी टाकले नव्हते, एकापुढे एक लावून ठेवले होते. संध्याकाळी तू घराकडे निघालीस की गल्लीच्या तोंडाशीच तुझा खोकला यायचा आणि मी माठाकडे पळायचे. आज ते ठसके सलग ऐकायला लावले, आणि ते संपायच्या आत मी उठून तांब्या भरून ठेवला होता.