गार्थ थांबतो तेव्हा

सोमवार, ५ ऑक्टोबर १९५३

पुन्हा थांबला! आणि तालमीत ठरलं होतं तिथे नाही — भलतीकडेच, दाराशी, हातात दिवा धरून. माझं बोट नाटकाच्या प्रतीतल्या ओळीवर, ओठ उघडलेले. तेवढ्यात बोलला. वाक्य अगदी बरोबर. माझा मात्र अर्धा जीव गेला.

दर सोमवारी नवं नाटक. सकाळी पुढच्या आठवड्याच्या नाटकाची तालीम, संध्याकाळी या आठवड्याचा प्रयोग. माणसाच्या डोक्यात राहणार तरी किती! म्हणून मी. विंगेत खुर्ची, डोक्यावर निळा दिवा, मांडीवर प्रत. कुणी अडलं की पुढचे दोन शब्द हळूच द्यायचे. पण अडणं वेगळं आणि पॉझ घेणं वेगळं. जिथे पॉझ ठरलेला असेल तिथे मी पेन्सिलीने लहानशी फुली मारतो. फुली दिसली की तोंड बंद. सगळ्यांच्या फुल्या ठरलेल्या आहेत. फक्त गार्थच्या नाहीत. माझाच सख्खा नातू! आज इथे थांबतो, उद्या तिथे.

नाटकं मिसेस हॅलम बसवतात. प्रयोगानंतर सगळ्यांसमोर त्याला म्हणाल्या, "गार्थ, तू पॉझ घेतोस की बसची वाट बघतोस?"

तो हसला. म्हणाला, "बसचीच. पण येते ना शेवटी."

सगळे हसले. मला हसू आलं नाही. एखाद्या दिवशी नाही आली तर?

बुधवार, ७ ऑक्टोबर

सकाळपासून धुकं. बंदरावर भोंगा वाजतोय, गायीने हंबरावं तसा. दुपारी खुर्चीत डोळा लागला आणि नेल दिसली. माझी मुलगी. कपडेपटात बसून कुणा राजाच्या झग्याला टाके घालत होती, आणि तिच्या पायाशी वेताची पेटी, पेटीत मखमलीवर निजलेला गार्थ. खरंच असाच वाढला तो. तिकडे रंगमंचावर लोक मरायचे, लग्नं करायचे, तलवारी काढायचे, आणि हा पेटीत डोळे उघडे ठेवून पडलेला. रडणं नाही. चौथं वर्ष लागलं तरी बोलेना. मी घाबरलो होतो. नेल म्हणायची, "बाबा, तो ऐकतोय. ऐकून झालं की बोलेल."

लढाईच्या दुसऱ्या हिवाळ्यात तिच्या छातीने दगा दिला, ती गेली. मग आम्ही तिघे — मी, माझी थोरली बहीण हॅना आणि हा. शाळेतले मास्तर म्हणाले, पोरगं मंद आहे, विचारलं तर नुसतं बघत राहतं. त्यांचं खरं मानून मी कितीतरी दिवस काळजीत काढले. आणि मग एका बारक्या कामासाठी माणूस कमी पडला म्हणून मिसेस हॅलमनी त्याला ट्रे घेऊन आत पाठवला. एकही वाक्य नव्हतं. तो नुसता उभा राहिला, आणि लोक त्याच्याकडेच बघत राहिले!

जाग आली तेव्हा धुकं खिडकीला नाक लावून होतं.

शुक्रवार, ९ ऑक्टोबर

नव्या नाटकाची तालीम. कोळ्यांच्या घरातली गोष्ट. आमच्या गावात कोळ्यांचं नाटक! बघायला बसणारे निम्मे लोक मासेमारीच्या ट्रॉलरवरचे, उरलेले त्यांच्या बायका. गार्थ धाकटा भाऊ, थोरला बोटीवर गेलेला. बंदरावरून घरी येतो. आई विचारते, "बोट आली?" त्याने म्हणायचं — "बोट आली, आई. तो नाही आला."

त्या वाक्याच्या आधी थांबणार, हे मला दिसतंच आहे.

नाटकाचं शेवटचं वाक्य आमच्याकडे तालमीत कुणी उच्चारत नाही. पहिल्या प्रयोगापर्यंत ते कुणाच्या कानावर पडू नये, नाहीतर नाटक बुडतं. नट तिथवर येतात आणि हात हलवून सोडून देतात. प्रत माझ्याकडे, म्हणून मी ते मनात वाचतो. मी काही शिकलेला नाही, बाराव्या वर्षी शाळा सुटली, वाचायला शिकलो तो या प्रतींवरच. पण आठवडाभर ते वाक्य एकट्याजवळ असणं मला आवडतं. कोटाच्या आतल्या खिशात पक्षी ठेवल्यासारखं.

रविवार, ११ ऑक्टोबर

लंडनहून सिनेमावाला येणार! गुरुवारी. मिस्टर ट्रेंचर्ड नाव. खास गार्थला बघायला.

हॅना म्हणाली, "अरे मग तोंड असं का केलंस? कुणी मेलं का?"

"तो अडला तर?"

"अडला तर तू आहेस ना. त्याचाच तर पगार घेतोस."

"आणि नाही अडला, आणि मी मध्येच बोललो तर?"

"मग गप्प बस."

तिला सगळं सोपं दिसतं. ती विंगेत बसलेली नाही कधी. गार्थ शेगडीपाशी बूट पुसत होता, मान वर न करता म्हणाला, "हॅनाआजी, यांना घरीच ठेव गुरुवारी. कडी लावून."

थट्टाच केली त्याने. पण थट्टेत तरी असं का सुचावं?

सोमवार, १२ ऑक्टोबर

पहिला प्रयोग. थांबला. थोडाच. प्रेक्षकांत कुणी खोकलंसुद्धा नाही.

मंगळवार, १३ ऑक्टोबर

कालच्यापेक्षा जास्त थांबला.

बुधवार, १४ ऑक्टोबर

आज इतका थांबला की आईचं काम करणाऱ्या मिस क्रेननी डोळ्यांच्या कोपऱ्यातून माझ्याकडे पाहिलं. मी तोंड उघडलंच होतं. देवाची कृपा, त्याआधी तो बोलला. पुढच्या रांगेतल्या एका बाईने तोंडावर शालीची कड दाबली होती. तिचा नवरा गेल्या मार्चमध्ये बुडाला.

नंतर मी त्याला जिन्यात गाठलं. "पोरा, मला काहीतरी खूण दे. मला कळत नाही रे."

तो अजून कोळ्याच्या स्वेटरमध्येच होता. माझा खांदा धरला. "आजोबा, मी तुमच्याकडे पाहिलं तरच शब्द द्या. नाही पाहिलं तर समजा, मी तिथेच आहे."

"तिथे म्हणजे कुठे?"

"बंदरावर. तिथून चालत यायला वेळ लागतो."

ठरलं. पाहिलं तर द्यायचा, नाही पाहिलं तर नाही. एवढं तर माझ्यासारख्यालाही जमेल. प्रतीवर त्या ओळीपाशी मोठी फुली मारली, शिसं तुटेपर्यंत.

शुक्रवार, १६ ऑक्टोबर

काल — हात चालत नाही. पण लिहिल्याशिवाय चैन नाही.

तो आत आला. मिस क्रेननी विचारलं, "बोट आली?" आणि तो थांबला. सगळं थिएटर पाण्याखाली गेल्यासारखं झालं. कुणी श्वास घेत नव्हतं. मला वाटलं, वरच्या सज्ज्यातले चेहरे लाटांवर हलतायत. दिवे लांब, हिरवट. मी त्याच्याकडे बघत होतो. त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. पाहिलं नाही! फुली डोळ्यांसमोर. पण त्याचा अंगठा टोपीच्या कडेवरून गोल गोल फिरत होता. लहानपणी मास्तरांनी प्रश्न विचारला की फिरायचा तसा. आणि मला तो वेताच्या पेटीतला दिसला, न बोलणारा — आणि माझ्या तोंडातून शब्द गेले. हळू नाही. चांगले मोठ्याने!

"बोट आली —"

वरून एक जण फिसकन हसला. गार्थने वाक्य म्हटलं. नाटक पुढे गेलं. मला पुढचं काही ऐकू आलं नाही.

पडदा पडल्यावर मिस्टर ट्रेंचर्ड आत आले. उंच, उंटाच्या रंगाचा कोट. गार्थचे दोन्ही हात धरले. "असा गप्प राहणारा नट मी उभ्या जन्मात पाहिला नाही. सगळा समुद्र होता त्यात. मध्येच कुणी गाढव ओरडलं नसतं तर!"

गाढव तिथेच उभं होतं, प्रत काखेत मारून.

गार्थ बुटांकडे बघत राहिला. एक शब्द बोलला नाही. मला वाचवलं असावं. नाहीतर त्याने 'हे माझे आजोबा' म्हटलं असतं तर मी कुठे तोंड लपवलं असतं?

शनिवार, १७ ऑक्टोबर

मिसेस हॅलमनी बोलावलं. ओरडल्या नाहीत, त्यानेच जास्त लागलं. "एमॉस, तो पॉझ होता. आंधळ्यालाही कळला असता. तुमचं वय झालं. सोमवारपासून खाली बॉयलरपाशी बसा, उबेत."

माझी खुर्ची आता एका चुणचुणीत मुलीकडे. तिला फुल्यांचं सगळं सांगितलं. ती म्हणाली, "हो हो, आजोबा, समजलं." समजलं नसावं.

हॅना घरी म्हणाली, "बरं झालं. घोर तरी गेला."

घोर जातो कुठे? गार्थ माझ्याशी गोड बोलतो, चहा आणून देतो, आणि माझ्या डोळ्यांकडे बघत नाही.

सोमवार, २ नोव्हेंबर

गेला. मिस्टर ट्रेंचर्डनी लंडनला बोलावून घेतलं तरी त्याला, मी एवढं करूनसुद्धा! प्रेस्टनला गाडी बदलायची. फलाटावर मी एकटाच बोलत होतो — मफलर घे, अंथरूण ओलसर असेल तर घरमालकिणीला सांग, रिकाम्या पोटी काम करू नकोस. त्याला मध्ये शब्द घालायला जागा दिली नाही. गाडी सुटली, आणि धूर खाली उतरला, आणि मला काही क्षण कळेना की गाडी गेली की फलाटच मला घेऊन निघालाय.

बुधवार, २० जानेवारी १९५४

बॉयलरपाशी. वरचे संवाद नळांतून खाली येतात, शब्द नाहीत, नुसती गुणगुण. कुणी थांबलं की नळ थांबतात. मी उठून उभा राहतो.

शनिवार, १८ सप्टेंबर १९५४

आमच्या गावात गार्थचा सिनेमा लागला! हॅनाने ठेवणीतली टोपी घातली. सगळी गल्ली आली होती, माशांच्या गोदीवरची माणसं, मिसेस हॅलमसुद्धा.

त्याचा चेहरा घराएवढा. भुवईपाशी कांजिण्यांचा लहान व्रण आहे, तो खिडकीएवढा दिसला. लहानपणी त्याला खोकला झाला की तेल चोळायचो त्या छातीवर उजेडाचे पट्टे सरकत होते. तो आहे आणि नाही. मला वाटलं, हात पुढे केला तर हात त्याच्यातून आरपार जाईल आणि मागे समुद्र लागेल.

एक मुलगी त्याला विचारते, "तू परत येशील?" आणि तो थांबतो. खूप. मला वाक्य ठाऊक असायचं कारण नाही, प्रत कुठे होती माझ्यापाशी? तरी माझ्या तोंडून निघालं — "येईन गं."

हॅनाने कोपर मारलं. "गप्प बस! त्याला ऐकू जात नाही."

मागच्या रांगेतून कुणी म्हणालं, "म्हातारा अजून नोकरीवरच आहे!" सगळे हसले. पडद्यावर तो काही बोललाच नाही, नुसता वळून चालू लागला. पुन्हा मी चुकलो.

गावच्या पेपरात छापलंय: 'या तरुणाच्या गप्प राहण्यात मोठमोठ्यांच्या भाषणांहून जास्त आहे.' हॅनाने ते कापून आरशात खोचलं. दाढी करताना रोज वाचतो. रोज वाटतं, मी ते एकदा फोडलं होतं.

रविवार, २१ नोव्हेंबर १९५४

सकाळच्या गाडीने गार्थ आला, न कळवता. अंगावर भारी कोट, चेहरा खंगलेला. हॅनाने मासे तळून वाढले, ते त्याने नुसते उकरले. लंडनच्या एका मोठ्या थिएटरात त्याला मुख्य काम मिळालंय, नाताळानंतर. मी म्हटलं, छान! तो म्हणाला, "आजोबा, त्या गुरुवारी —" आणि थांबला.

मी काही बोललो नाही. किटली उकळत राहिली. हॅनानेच उठून ती उतरवली.

"तो पॉझ नव्हता. सगळं कोरं झालं होतं. बोट, आई, माझं स्वतःचं नाव — काहीच नाही. तुमच्याकडे पाहायचं, एवढंही आठवेना. तुम्ही बोलला नसतात तर मी तिथून पळालो असतो. आणि तो तुम्हाला गाढव म्हणाला तेव्हा मी तोंड उघडलं नाही." मग बशीकडे बघत म्हणाला, "सिनेमातही कधी कधी तसंच होऊन जातं. लोकांना ते फार आवडतं. पण नाटकात मधेच कापता येत नाही, आजोबा. येता का? विंगेत बसायला?"

मी हो म्हटलं की नाही, मला आठवत नाही. हॅनाने माझे लोकरी मोजे शेगडीपाशी ऊब द्यायला ठेवले आणि म्हणाली, "लंडनच्या विंगेतही वाराच असेल."