मलेरिया नव्हता

प्रिय चिलेशे,

तुझा निरोप तुझ्या बहिणीनं दिला. लुसाकाला जाऊन रॅपर झालास, हजार माणसांपुढे तोंडाचा पट्टा सोडतोस, आणि आईला विचारायला मात्र बहीण मध्ये लागते. "मामा चिडलाय, आई बोलत नाही. गाणं काढून टाकू का?" उत्तर देते, पण माझ्या चालीनं.

गाणं मी मिनीबसमध्ये ऐकलं. कंडक्टरनं मोठं केलं आणि एकदम तुझा आवाज आला. "भाऊ मलेरियानं नाही, दारूनं गेला. तो भररस्त्यात हाका मारायचा आणि मी मित्रांसमोर ओळख दाखवायचो नाही." मी बाजारापाशी उतरलेच नाही, शेवटच्या थांब्यापर्यंत रडत गेले. त्या दिवशी विकायच्या गुलगुल्यांचं पीठ घरी फुगून भांड्याबाहेर आलं.

मलेरिया म्हणायचं हे मयताच्या घरी मामानंच ठरवलं होतं. घराण्याची अब्रू. त्याच्याही मनात वाईट नव्हतं रे. पण खोटं सांभाळायचं तर माझ्या थोरल्याचा, कासोंदेचा, विषयच टाळावा लागे. थोरल्याच्या नावानं आईला हाक मारायची आपली रीत, पण माझ्यापुढे ते नाव काढायला बायका कचरायच्या. हळूहळू मी सगळ्यांची बनाचिलेशे झाले, म्हणजे चिलेशेची आई. तूही माझाच, म्हणून ओ द्यायचे. ओ देताना दर वेळी त्याला मागे टाकून आल्यासारखं वाटायचं.

काल मासेवाली बनामुंबा माझ्या टोपलीशी येऊन बसली. "तुझ्या पोरानं बरं केलं बाई. माझा नवराही रोज पिऊन पडतो, आणि मी जगाला त्याची पाठदुखी सांगत फिरते." आम्ही आधी हसलो, मग रडलो, मग तिनं दोन गुलगुले फुकट उचलले. जाताना सहज म्हणाली, "येते गं, बनाकासोंदे." किती वर्षांनी ऐकलं मी ते.

म्हणून हे पत्र. मी बोलत नव्हते ती रागानं नाही. फोनवर नुसतं रडू आलं असतं आणि तू भलतंच समजला असतास. गाणं राहू दे. मामाचं मी बघते, धाकटा भाऊ आहे माझा, त्याचे कान मी लहानपणीच पिळलेत. ओळख दाखवली नाही म्हणून झुरत होतास ना? आता सगळ्या गावासमोर दाखवलीस. तुझे उपकार आहेत माझ्यावर, पोरा. तुझ्या आवडीचे वाळवलेले सुरवंट पाठवतेय, एकटाच फस्त करू नकोस.

तुझीच,
बनाकासोंदे