सतरावी फेरी

रोटोटुना, हॅमिल्टन, न्यूझीलंड
१० एप्रिल २०२५

प्रिय श्रीदादा,

नमस्कार. कल्याणीवहिनीचं गुडघ्याचं ऑपरेशन नीट झालं हे कळून बरं वाटलं. तिला म्हणावं, घाई करू नको. आम्ही तिघं ठीक आहोत. सुशीलची सर्दी हटत नाही, सलोनीच्या शाळेला या आठवड्याअखेर सुट्टी लागेल. थंडी यंदा लवकर आली.

जुन्या मोटार शर्यतींवरच्या तुझ्या पुस्तकाची प्रकरणं मिळाली. दोन वर्षांच्या अबोल्यानंतर पार्सल, आणि वर चिठ्ठी एवढीच: ‘शुद्धलेखन बघ.’ मी खरंच शुद्धलेखन बघितलं.

लाकडी ट्रॅकचं प्रकरण छान झालंय. वर गाड्या धावताहेत आणि खाली सुतार तुटलेल्या फळ्या ठोकताहेत, हे मी सुशीलला मोठ्याने वाचून दाखवलं. इंडियानापोलिसच्या विटांच्या ट्रॅकवर तू जरा जास्तच रेंगाळलास. लँगहॉर्नचा तो वर्तुळासारखा मातीचा ट्रॅक मात्र तीन वाक्यांत उरकलास. सरळ रस्ता जवळपास नव्हताच, आता तिथे दुकानं आहेत, इतकंच. तिथे शर्यतीत माणसं जिवानिशी गेली, ते नाही लिहिलंस. मी समासात प्रश्नचिन्ह केलं, मग खोडलं. पुस्तक तुझं आहे.

पान ११२ वरचं एक वाक्य मात्र काढ. यंत्रं नव्हती तेव्हा ड्रायव्हरांच्या बायका कठड्यावर बसून कागदावर फेऱ्या नोंदवायच्या, इथवर ठीक आहे. पुढे तू लिहितोस, ‘नवऱ्याची गाडी भिंतीला घासली तरी त्यांची पेन्सिल थांबत नसे.’ हे तुला कुणी सांगितलं?

मी चार वर्षं तेच काम करते आहे. सलोनी बाराव्या वर्षी शर्यतीची गाडी चालवायला लागली, तेव्हा मला नुसतं बघत बसवेना. क्लबच्या मुख्य नोंदणीदार लोरेन म्हणाल्या, ‘कम अँड काउंट, लव्ह. मान खाली राहते.’ दर फेरीला समोरून जाणाऱ्या गाड्यांचे नंबर ओळीने लिहायचे. आपल्याच मुलीच्या शर्यतीत आईने बसू नये, हे कळतं मला. पण लहान क्लब आहे, तिथे जी बाई येते ती कुणाची तरी आईच असते.

२९ मार्चला मोसमातली शेवटची शर्यत होती. तुझ्या ओळखीच्या टीमने क्लबला कबूल केलं होतं, मोसमात पहिला येईल त्याने जून-जुलैत इंडियानाला यायचं, मोठ्या गाड्या शिकायला. पहिल्या नंबरासाठी चुरस होती सलोनी आणि ब्रुक या दोघींतच. फॉर्मवर दोन्ही पालकांची सही लागते. सुशीलने केली होती. मी म्हणत राहिले, ‘आधी जिंकू तर दे.’ नाही म्हणायचा धीर झाला नव्हता, एवढंच.

हल्ली गाडीतलं छोटं यंत्र आपोआप फेऱ्या मोजतं. त्या दिवशी सलोनीचं यंत्र बंद पडलं. अशा वेळी हाताने लिहिलेला कागद खरा धरतात, आणि माझ्या जोडीची बाई नेमकी आजारी होती. सोळाव्या फेरीत सलोनीची गाडी भिंतीला घासली. दोन चाकं उचलली गेली, पुन्हा खाली आली, गाडी धावायला लागली. सतराव्या फेरीत ती माझ्यासमोरून गेली. नंबर अठ्ठेचाळीस. मी पाहिला. पेन्सिल कागदावर टेकलेली होती.

मी पुढच्या गाडीचा नंबर लिहिला.

डायरीत त्या दिवशी ‘नजरचूक’ असं लिहिलं. दुसऱ्या दिवशी ते खोडलं. चूक असती तर पुढच्याच फेरीत मी हात वर केला असता. सुटलेला नंबर समासात भरतात, इतरांच्या मुलांसाठी मी ते केलेलं आहे. उरलेल्या तीन फेऱ्या मी अगदी सुवाच्य लिहिल्या. ते अक्षर मला बघवत नाही.

एक फेरी कमी, म्हणून सलोनी सहावी, आणि मोसमात पहिली ब्रुक. सुशील पळतच आला. ‘अगं, वीसच्या वीस झाल्यात तिच्या! मी मोजल्यात! तक्रारीला तास आहे अजून, चल.’ लोरेनबाईंनी कागद पाहिला. ‘विनिताची शीट? स्वीट ॲज,’ म्हणजे मग प्रश्नच नाही, असं म्हणाल्या. मी काही बोलायच्या आत सलोनी हेल्मेट काखेत मारून आली. ‘बाबा, लीव्ह इट. मॉम डझन्ट मिस. आय मस्ट हॅव काउंटेड राँग.’ आणि उगाच त्रास दिला म्हणून तिने लोरेनबाईंना सॉरी म्हटलं.

बोलायला तेव्हाही वेळ होता, दादा. पाऊण तास होता.

सोमवारी लोरेनबाईंना सगळं सांगितलं. मुदत संपली, निकाल बदलणार नाही. त्या ‘ओह, लव्ह’ एवढंच म्हणाल्या आणि नोंदणीच्या खोलीची किल्ली मागून घेतली.

‘तुझी भीती पोरीच्या गळ्यात बांधू नकोस’ असं तू दोन वर्षांपूर्वी म्हणालास, आणि मी फोन आपटला होता. तू बरोबर होतास असं लिहून हे संपवणार होते, पण ते पुरतं खरं नाही. मी भ्याले ते काही उगाच नाही. उघड नाही म्हणाले असते, तर ती भांडली असती, रडली असती, पण स्वतःच्या मोजणीवरचा तिचा विश्वास तरी गेला नसता.

आता टीमला तू सांग, सलोनीच्या वीस फेऱ्या पूर्ण होत्या आणि लपवणारी मी. जागा एकच आहे. ब्रुकच्या आईने तिचा पासपोर्टचा फोटो काढलाय, मला कौतुकाने दाखवला. तिच्याकडून काढून घ्या असं म्हणायचा हक्क मला नाही. दोघींना घेता आलं तर विचारून बघ. फॉर्म सोबत आहे, माझ्या सहीसकट.

सलोनीला काल सांगितलं. ती टोस्ट खात होती. हातातला तुकडा तिने खाली ठेवला. मग विचारलं, ‘विच लॅप?’

‘सतरावी.’

‘दॅट वॉज माय बेस्ट वन. वॉलनंतर मी दोघांना पास केलं.’ मग म्हणाली, ‘यू सॉ दॅट?’

पाहिलं, म्हटलं. ती उठून गेली. आज शाळेला सुशीलबरोबर गेली. एरवी माझ्याबरोबर जाते.

पान ११२ चं तुझ्यावर सोपवते. उत्तर मला लिहू नकोस. तिला लिही. मराठी वाचते ती सावकाश, पण वाचते.

तुझी,
विनू