चाळीस मिनिटं निपचित

४ जानेवारी
जुन्या महिला क्लबचं आता नाट्यगृह झालंय. तिथल्या नव्या नाटकात मला मध्यवर्ती भूमिका मिळाली. घरातल्या कर्त्या पुरुषाची. पडदा उघडतो तेव्हा तो वारलेला असतो, हे खरं. पण पहिल्या अंकाची चाळीस मिनिटं सगळे माझ्याचबद्दल बोलतात. बायकोला नुसती विधवेची भूमिका आहे.
दिग्दर्शिकाबाई म्हणाल्या, फक्त पडून राहायचंय. यांना अभिनयातलं काय कळतं देव जाणे.

६ जानेवारी
बायकोला म्हणे तीस वर्षं स्टेजवर जायचं होतं. मला कधी बोलली नाही. ती म्हणते, दहादा बोलले, तुम्ही पेपर वाचत होतात.
आज ताकीद मिळाली. हार्मोनियम सोडलीत, पोहणं सोडलंत, योगासनं तर शवासन यायच्या आतच सोडलीत, एवढं मात्र माझ्यासाठी शेवटपर्यंत न्या.
संकल्प: नेणार. खाली सहीसुद्धा केलीय.

११ जानेवारी
इमारतीत गंभीर त्रुटी. नव्वद वर्षांपूर्वी बायकांनी स्वतःसाठी बांधलेली. आरसे खाली, खुंट्या खाली, आणि पुरुषांसाठी टॉयलेटच नाही. पुरुष कधी आत येतील असं कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. आता ऐतिहासिक वास्तू म्हणून खिळाही ठोकता येत नाही. त्यामुळे पुरुष मंडळी रस्ता ओलांडून समोरच्या पेट्रोल पंपावर जातात.
बाई म्हणाल्या, एवढं काय, बायकांचं वापरा. दारावर 'सभासद भगिनी' अशी पितळी पाटी आहे. मी तत्त्वाचा माणूस. साफ नाही म्हणालो.

१५ जानेवारी
तालीम. बारा मिनिटं उत्तम. मग खोकला आला. मेलेल्या माणसाला खोकला आला तर प्रेक्षकांना आशा वाटेल, असं सुचवलं. बाई पाणी प्यायला निघून गेल्या.

२० जानेवारी
बायको भांडी घासताना भाषण पाठ करते. शेवटी माझ्या छातीवर डोकं ठेवून म्हणायचंय, उठा हो, एकदा तरी माझं ऐका. बरं करते. खरं तर फारच बरं करते. सांगितलं नाही, उगाच हवा डोक्यात जायची.
भाषण मात्र लांबलंय. कापा म्हणालो. कुणी ऐकलं नाही.

२८ जानेवारी
काल तालमीत मध्येच उठून पंपावर जावं लागलं. सगळे खोळंबले. दोष थंडीचा.
संकल्प: प्रयोगाच्या दिवशी दुपारनंतर चहा बंद. पाणीही बंद.

१ फेब्रुवारी, दुपारी ४
आज पहिला प्रयोग. चहा एकच घेतला. दुसरा, बायकोची बहीण आली म्हणून सोबतीला.

संध्याकाळी ५.३०
तिसरा कागदी कपातला होता, तो धरत नाही. पंपावर जाऊन आलो असतो, पण मेकअप झालाय. आत्मविश्वास दांडगा.

२ फेब्रुवारी
काल काय झालं ते नीट लिहून ठेवतो, कारण लोक वाट्टेल ते बोलताहेत.
तिसाव्या मिनिटापर्यंत मी अप्रतिम होतो. मग मिटल्या डोळ्यांपुढे पंप दिसायला लागला. छत्तिसाव्या मिनिटाला बायकोनं छातीवर डोकं ठेवलं. अख्खा भार टाकून. म्हणाली, उठा हो, एकदा तरी माझं ऐका.
मी उठलो.
चादर लपेटून उजव्या विंगेतून बाहेर पडलो. पळालो नाही. भरभर चाललो. पुढच्या रांगेतल्या एक आजी किंचाळल्या, बाकीच्यांनी टाळ्या वाजवल्या. पंपावरच्या माणसानं माझा पांढराफटक चेहरा पाहून आधी खुर्चीच दिली, त्याला समजावण्यात वेळ गेला. परत येताना सिग्नल लागला. पोचलो तेव्हा चौघांनी रिकामी खाट उचलून माझी अंत्ययात्रा नेलीसुद्धा होती.
चूक इमारतीची आहे, हे बायकोला सांगितलं. ती मेकअप पुसत बसली. बराच वेळ पुसत होती. मला वाईट वाटलं. खरंच वाटलं.
संकल्प: पुढच्या प्रयोगाला चहा अजिबात नाही.

८ फेब्रुवारी
दुसरा प्रयोग. माझ्या जागी दोन उशा आणि माझी रजई गुंडाळून ठेवली, वर चादर. तात्पुरती सोय. माझी पाठ जरा धरलीय, असं मी सर्वांना सांगितलंय.
शेवटच्या रांगेतून पाहिलं. बायकोनं रजईवर डोकं ठेवलं आणि खरी रडली. तालमीत एकदाही रडली नव्हती. हॉलमध्ये नाक पुसण्याचा आवाज. रजई तसूभर हलली नाही.

९ फेब्रुवारी
बाई म्हणाल्या, यापुढे हेच ठेवू.
बायकोला विचारलं, एवढं रडू कसं आलं? म्हणाली, पहिल्यांदाच कुणीतरी शेवटपर्यंत ऐकून घेतलं.
रजई माझी आहे. आज फार गारठलोय, म्हणून मागितली.
म्हणाली, तिला हात लावू नका, शनिवारी तिचा प्रयोग आहे.