पहिल्या विषयात तुमचं नाव न्हाई

आत्याबाई,

पाया पडते. तुमी गेल्यापासनं काय बोलायचं ते भाकरी थापताना बोलते, पण आज लिवायलाच बसले. माझं अक्षर तुमाला ठावं हाय. हसू नका.

उद्या आपल्या पतसंस्थेची वार्षिक सभा. पहिला विषय तुमाला पाठच हाय, वर्षात गेलेल्या सभासदांना श्रद्धांजली. नावं वाचत्यात, मग दोन मिनिटं समद्या गप उभ्या ऱ्हात्यात. म्हणून आज सचिवाकडं गेले. म्हणलं, "आमच्या आत्याबाईंचं नाव घ्या उद्या." त्यो खुर्चीतनं उठलाबी न्हाई. "वैनी, त्या गेल्या तवा सभासद न्हवत्या. नियमात बसत न्हाई."

सभासद न्हवत्या! लोणंदच्या वखारीत कांदा निवडणाऱ्या बाया गोळा करून ही संस्था कुणी उभी केली? त्याच्या चुलत्यानं? सही करायला शिकला तुमी तिच्यापायी, आन हातांचा कांद्याचा वास जाईना म्हणून लिंबू चोळून पहिल्या सभेला गेलता. इसरले व्हय समदे?

पण आत्याबाई, तुमचंबी चुकलंच. आधी ऐकायचं, मग वरडायचं, एवढं कळू नये?

दरसालची रीतच तुमची. सचिव विषय वाचायला लागला की तुमी पुढच्या रांगेतनं "मंजूर!" मागनं समद्या बाया "मंजूर, मंजूर!" वखारीत परत जायची घाई. तुमच्या आवाजावर सभा झटक्यात उरकायची, म्हणून चेअरमनबाई तुमाला मुद्दाम पुढं बसवायची. पहिला पेढा तुमाला. लय मान वाटायचा न्हाई का?

मग एका साली पोटनियम बदलायचा विषय हुता. जिची संस्थेत मोठी ठेव न्हाई, तिचं सभासदपण जाणार. तुमी म्हणला, मंजूर! आवं, निवडणाऱ्या बायांकडं कसली ठेव? एका वरडण्यात तुमी सोताला आन समद्या मैतरणींना भाईर काढलं. आत ऱ्हायल्या वखारवाल्यांच्या बायका.

मग कळलं, तवा तुमी संस्थेवर दावा केला. साताऱ्याच्या कोर्टात संस्थेचा वकील उठून म्हणला, "साहेब, ह्या नियमाला सगळ्यात आधी मंजुरी ह्या बाईंनीच दिलीय. सगळ्या गावानं ऐकलंय." तुमी ताडकन उठला. "आवं साहेब, मी दरसालच म्हणती! सभेत मंजूर न्हाई म्हणायचं तर काय म्हणायचं?"

कोर्टात हशा पिकला. साहेबबी हसलं.

परतीच्या यष्टीत तुमी वाठार आलं तवा हळूच इचारलं, "सुरेखा, त्यानं वाचलं काय हुतं गं?"

काय सांगणार हुते मी? सभासद न्हाई म्हणून मी दरसाल भाईरच बसायची, तुमच्या चपला राखत.

तुमी गेला आन दावाबी गेला. आपल्या वकिलाला म्हणलं, आता दाव्याला माझं नाव लावा. म्हणला, "मावशी, सभासदपण ज्याचं त्याच्याबरोबर जातं. ते वारसाला मागता येत न्हाई." मी म्हणलं, "आन कर्जाला जामीन ऱ्हायलेला माणूस मेला तर? तवा बरी संस्था वारसाच्या दारात येती!" त्यो कागद गोळा करायला लागला. वर अपील करता येतं म्हणला. कुठं वर? कुणी करायचं?

चंद्राक्काकडं गेले. तुमच्या शेजारीच बसायची की ती सभेला, तुमच्यासंगंच भाईर पडली. म्हणलं, "आक्का, तू तर जित्ती हायस, तू हो उभी दाव्याला." ती कांदा निवडतच ऱ्हायली. म्हणली, "ज्यांच्या वखारीत बसती, त्यांच्याच बायकांवर दावा करू? उद्या कुठं बसू, तुझ्या मांडीवर?" तिला तरी काय म्हणायचं? राग आला, तशीच माघारी फिरले.

आता कुणाच्या दारात जाऊ, सांगा. सचिव नियम दावतो, वकील वर बोट दावतो. मला तर त्यो पोटनियम वाचाय दिला तरी धड कळायचा न्हाई.

एवढंच उरलंय माझ्या हातात. उद्या मी जाणार. आत सोडणार न्हाईत. दरसाल बसते तिथंच, खिडकीखाली, पण उभी ऱ्हाईन. नावं वाचून झाली आन समद्या गप उभ्या ऱ्हायल्या, की तुमचं नाव घीन. जल्मात कधी घेतलं न्हाई, आत्याबाईच म्हणत आले. उद्या पुरं घीन, आडनावासकट, तुमच्याच आवाजात.

त्यानं काय हुणार? काय न्हाई. कुणी लिवून घेणार न्हाई. माना वळतील, मग समद्या खाली बसतील, आन दुसरा विषय मंजूर करतील. पण तुमचं नाव घेतल्याबिगर मी तिथनं हलायची न्हाई. शबुद देते.

तुमची सून,
सुरेखा