रविवारची टीनी

ग्लासगो
२८ डिसेंबर १९५७

ती. इशबेलताईस,
मोरागचा सा. न. वि. वि.

सोबतचं पुस्तक भावजींना. नाताळाचं नाव काढलं तरी तुमच्या बेटावरच्या कर्मठ चर्चवाल्यांच्या भुवया उंचावतात, म्हणून ही नव्या वर्षाची भेट समज. रविवारच्या पेपरातली 'ट्रॅमवाली टीनी' कापून मी तुला पाठवते ना, तिच्या आजवरच्या सगळ्या चित्रपट्ट्या गोळा करून पेपरवाल्यांनी हे जाडजूड पुस्तक काढलंय. इथे त्यासाठी दुकानापुढे रांगा लागल्या होत्या. आमचा बर्टी त्याच पेपरच्या छापखान्यात कामाला, पण त्यालासुद्धा रांगेत उभं राहावं लागलं.

आधी कपाटाचं पान काढ. एक इसम कपाट घेऊन ट्रॅममध्ये चढतो. टीनी त्याला कपाटाचं तिकीट घ्यायला लावते, आणि मग कपाटाने तिकीट काढलं, तू कुठे काढलंस, असं म्हणून त्यालाच कपाटात कोंबते. भावजी हसतील बघ. झटका आल्यापासून त्यांची जीभ गेली, हसू काही गेलेलं नाही, असं तूच लिहिलं होतंस.

तुमचा कोंबडा शनिवारी रात्री अजून टोपलीखाली झाकतात का, की त्यालाही शब्बाथ, रविवारी सगळं बंद ठेवायचा नेम, पाळायची सवय झाली? मायेत राहू दे.

तुझी,
मोराग


ल्युईस बेट
१८ जानेवारी १९५८

चि. मोरागस,
अनेक उ. आ.

कोंबड्याची थट्टा पुरे. इथे माझाच कोंबडा झालाय.

पुस्तक मिळालं. ते फक्त रविवारी उघडायचं, असं मी ठरवलं. कारण सांगते. इतर दिवशी यांचं बरं चालतं. शेजारी येऊन बसतात, मी माग चालवते, हे धोट्याकडे बघत बसतात. रविवारी मात्र सगळा गाव यांच्या खिडकीवरून चर्चला जातो. वीस वर्षं स्तोत्राची ओळ लावून द्यायला यांचा आवाज होता. हे गात आणि मग सगळी मंडळी मागून उचलत. आता घंटा झाली की हे भिंतीकडे तोंड करून रडतात. मला ते बघवत नाही, मोराग. म्हणून रविवारी टीनी. कपाटाचं पान वाचलं तर असे हसले, की छपरावरचा कावळा उडाला. आणि हसण्यात तोच आवाज, खर्जातला, जसाच्या तसा.

तो आवाज कुणीतरी ऐकला. मंगळवारी आमचे थोरले दीर टॉर्किल आले. ते चर्चचे कारभारी, तुला ठाऊकच आहे. चहाला हात लावला नाही. म्हणाले, शब्बाथच्या दिवशी या घरातून खिदळण्याचा आवाज येतो, आणि तोही रविवारच्या पेपरातल्या चित्रांवर. शब्बाथ मोडून छापलेला कागद विस्तवात घातला नाही, तर मार्चमध्ये प्रभुभोजनाचा बिल्ला मला मिळणार नाही. बिल्ला नाही तर मेजावर जागा नाही, येशूच्या नावाची भाकरी नाही.

लग्न होऊन आले तेव्हापासून त्या मेजावर माझी जागा आहे. आईच्या मरणानंतर मला उभं केलं ते त्याच भाकरीने. ते मला हवंच आहे. पण मी त्यांना सांगितलं की पुस्तक जळणार नाही. उगाच ताठ वागले का गं? बर्टीरावांना नमस्कार. तुझा जीव माझ्यापाशी असू दे.

तुझी,
इशबेलताई


ग्लासगो
२६ जानेवारी १९५८

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र वाचून माझ्या अंगाचा तिळपापड झाला. बर्टी मात्र पोट धरून हसला. तो म्हणतो, त्या दीरसाहेबांना विचारा, रविवारचा पेपर छापतात कधी? शनिवारी! तो स्वतः शनिवारी उभा राहून छापतो. रविवारी छापतात तो सोमवारचा पेपर, आणि तुझे टॉर्किल तोच घ्यायला टपालाच्या बोटीची वाट बघत बसतात ना? म्हणजे शब्बाथ मोडणारा कागद त्यांच्या खिशात, आणि विस्तवात जायचं बिचाऱ्या टीनीने. जा, सुनाव त्यांना.

पण ताई, खरं सांगू? तुझ्या जागी मी असते तर पुस्तक पेटीत ठेवलं असतं आणि सोमवारी वाचलं असतं. एका दिवसाचा तर फरक. त्या मेजापायी तू किती कष्टी होशील ते मला कळतं. रागावू नकोस. आहे तशीच लळ्यात ठेव.

तुझी,
मोराग


ल्युईस बेट
१५ मार्च १९५८

चि. मोरागस,
अनेक उ. आ.

रागावले नाही. पण सोमवारचं औषध रविवारच्या दुखण्याला लागत नाही गं.

बर्टीरावांचा मुद्दा मी दीरांना त्यांच्याच घरी जाऊन सुनावला, अगदी जाऊबाईंच्या देखत. मला वाटलं, आता दीरांची कशी जिरते बघू. पण सोमवारचा पेपर नीट घडी घालून त्यांनी चुलीत घातला आणि डोळे उघडल्याबद्दल माझे आभार मानले! बिल्ला तरीही नाहीच म्हणाले. तेव्हापासून त्यांनी सोमवारचा पेपर बंद केलाय, आणि हेरिंग मासळीच्या बोटींची खबर काय म्हणून दारोदार विचारत फिरतात. खोटा माणूस असता तर भांडायला सोपं गेलं असतं.

गेल्या रविवारी प्रभुभोजन झालं. दरवर्षी दुसऱ्या गावांहून येणारे पाहुणे माझ्याकडे उतरतात. यंदा एकही आला नाही. मटणाचं पातेलं भरलेलं तसंच राहिलं. सकाळी काळे कपडे घातले, टोपी घातली, आणि मग लक्षात आलं की जायचं नाहीये. बसले आणि रडले. हे माझ्याकडे बघत होते. आपल्यापायी हिची जागा गेली असं त्यांच्या डोळ्यांत दिसलं, त्याने माझं रडू पळालं आणि राग आला.

खिडकी सताड उघडली. बाहेर बोचरं वारं होतं. पुस्तक घेतलं, आणि गाव रस्त्यावरून जात असताना चांगलं खड्या आवाजात वाचलं. टीनी नगरशेटच्या बँडवाल्याला उतरवते, त्याच्या ढोलाला मात्र खिडकीजवळची जागा देते, ते पान. हे हसले. मोराग, अख्खा रस्ता थांबला. म्हातारी कॅटरिओना काठीवर वाकून उभी राहिली. झटका आल्यापासून गावाने त्यांचा आवाज असा उघड्यावर ऐकला नव्हता. टॉर्किल सर्वांत पुढे होते. त्यांनी टोपी काढली. का काढली ते त्यांचं त्यांना कळलं असेल. मग एकदम लाल झाले, टोपी घातली, आणि चला, चला, उशीर होतोय, असं सगळ्यांना ओरडले. हसणं संपेपर्यंत कुणी हललं नाही.

जाऊबाई सांगत होत्या, त्या दिवशी दीरसुद्धा मेजावर गेले नाहीत. बाकावरच बसून राहिले.

दुसऱ्या दिवशी ते आले. दारातच उभे. म्हणाले, मी कारभारी आहे तोवर नियम तो नियम, बिल्ला मिळणार नाही. मी म्हटलं, मागितलाय कुणी? मग बराच वेळ चौकटीचं लाकूड नखाने खरवडत राहिले, आणि हळूच यांचं नाव घेऊन विचारलं, नॉर्मन कालच्यासारखा आज हसेल का, एखादं पान वाचतेस का.

मी सांगितलं, भावाचं हसू ऐकायचं असेल तर रविवारी या. सोमवारी आमच्याकडे वाचन नसतं.

ते तसेच गेले. आज शनिवार. शब्बाथला काम नको म्हणून पाणी भरून ठेवलंय, बटाटे सोलून झालेत. उद्या खिडकी उघडी असेल आणि दारही. त्यांच्यासाठी खुर्ची मात्र मी मांडणार नाही. बसायचं असेल तर त्यांनी आपल्या हाताने ओढून घ्यावी.

सर्वांना आशीर्वाद. आपल्या दोघींतली माया अशीच खणखणीत राहो.

तुझी,
इशबेलताई