चिंधीपूरचं नवं साल

दादा, धाकलीनं काल काजाचा दोरा ओवता ओवता मला इचारलं, "ताई, चिंधीपुरात मी किती वर्षांची हाय?"

तुम्ही तिचे वडील, तरी तुम्ही तिला बघितलं नाय. तुम्ही गेलात तेव्हा ती मायच्या पोटात होती. आता पहिलीत जाती, म्होरचे दात पडलेत, अन् बोलती एवढं की गल्लीतल्या बाया म्हणत्यात, थोरलीच्या वाटचं पण हीच बोलती. चिंधीपूर तिला मीच सांगितलं. तिथले दोन चांद, एक धुतलेला अन् एक मळका. तिथं राजा नसतो, शिंपी असतो. अन् तिथलं साल कसं चालतं, ते बी.

ते कधी सुरू झालं ते मला पक्कं आठवतं. सांजंला तुम्ही गुलमंडीच्या बाजारातलं कापडाचं दुकान बंद करून घरी आलात, माय भाकरी थापत होती, अन् मी चुलीपाशी मुसमुसत बसले होते. मास्तरांनी हजेरी घेतली तेव्हा माझ्या तोंडातून 'हजर' निघालंच नव्हतं. त्यांनी वर न बघताच गैरहजर मांडलं. अख्खा दिवस वर्गात बसून मी गैरहजर! माय म्हणाली, "तोंडाला कुलूप लावलं व्हतं का गं?" तुम्ही हसला नाय. खिशातून दुकानातल्या कतरनी, कापडाचे उरलेले तुकडे, काढल्या, माझ्या मांडीवर टाकल्या अन् म्हणालात, "चल, जिथं हजेरीच नाय अशा मुलखात जाऊ."

मग त्या मुलखाला महिने पायजेत. तुम्ही म्हणालात, "निजामाच्या वक्ताला कचेरीत आजूर, दय, बहमन असे महिने चालायचे. उर्दू शाळेत मी मार खाऊन पाठ केले व्हते. पोलीस ॲक्शन झाली अन् सगळे महिने एका झटक्यात गेले. सरकारला महिने बदलता येतात, तर आपल्याला का नाय?"

"बदला की," माय म्हणाली. "पण त्या सरकारला आधी मीठ आणाया लावा. डबा रिकामा हाय."

तुम्ही मीठ आणलं अन् येताना महिने ठरवूनच आलात. मांजरपाट, छींट, मलमल, घोंगडी, असे. सगळ्यात शेवटी हिमरू, रेशमी नक्षीच्या कापडाचा, सणाचा. महिना किती दिवसांचा, तर तुकडा असंल तेवढा. रोज सकाळी दुकानाला जायच्या आधी तुम्ही बोटभर पट्टी कापायचात, मी ती चुलीवरच्या दोरीला बांधायची. छींट ढीगभर, म्हणून तो महिना संपता संपायचा नाय. हिमरू महाग. त्याची कतरन क्वचित मिळायची, म्हणून सणाचा महिना चुटकीसरशी जायचा. मी रुसायची. तुम्ही म्हणायचात, "बारका हाय म्हणून तर सण हाय."

अन् तो कायदा तुम्ही माझ्यासाठीच केला ना? चिंधीपुरात साल आपोआप बदलत नाय. हिमरू संपला की मुलखातल्या सगळ्यात लाजऱ्या माणसानं माळवदावर जायचं अन् मोठ्यानं इचारायचं, "नवं साल हाय का?" सालानं 'हजर' म्हणलं की ते बदललं. पहिल्या वक्ताला माझा आवाज मलाच ऐकू आला नाय. तरी जिन्यातून जाड्या, तुमच्यासारख्याच आवाजात कुणीतरी ओरडलं, "हजर!" अन् खाली माय हसून हसून बेजार.

मग तुम्हाला ताप आला, त्यातून तुम्ही उठला नाय. तेव्हा हिमरू चालू होता, अन् एका पट्टीएवढा तुकडा उरला होता. माय दुसऱ्यांच्या घरी कामाला लागली, धाकलीला सांभाळायला मी घरी राहिले. माझी शाळा सुटली, पण तो तुकडा मी कापला नाय. तो कापला की तुमचं साल संपणार. चिंधीपुरात तेव्हापासून सणच चाललाय, दादा, अन् तिथं कुणी काय गोड करत नाय.

हे मी धाकलीला काल सांगितलं. "तिथं अजून दादांचंच साल चालू हाय."

ती हळूच म्हणाली, "म्हंजे तिथं मी जन्मलेच नाय?"

तिनं दोरा खाली ठेवला. ती दिवसभर चिंधीपूरचं नाव काढंना. मला ते सोसवंना.

आज सकाळी मी डब्यातून तो तुकडा काढला. माय कामाला निघाली होती, दारात थांबली. मला वाटलं आता रागवंल. तिनं तुकड्यावर बोट फिरवलं अन् कात्री माझ्या हातात दिली. "काप. कापड ठिवून ठिवून कसर लागती." मग चप्पल काढून परत आत येऊन बसली.

मी कापला. धाकलीनं दोरीला बांधला, गाठ लई मोठी मारली. मग आम्ही माळवदावर गेलो. समोरच्या काकू धुणं वाळत घालत होत्या. मी त्यांच्याकडं पाठ केली अन् पुटपुटले.

"नवं साल हाय का?"

"ताई, हे चिमणीला तरी ऐकू येईल का? मोठ्यानं!"

मग मी ओरडले, दादा. अशी ओरडले की काकूंच्या हातचं लुगडं खाली पडलं. "नवं साल हाय का?"

सालाकडून ओ कोण देतं, ते मी धाकलीला सांगितलंच नव्हतं. तिनं इकडं बघितलं, तिकडं बघितलं, अन् शाळेत देती तशी छाती काढून, पडलेल्या दातांच्या फटीतून ओरडली, "हजर!"

"कुणाचं नवं साल गं?" काकूंनी इचारलं. "पाडव्याला तर लई टाईम हाय!"

"चिंधीपूरचं!"

"बरं बाई. तिथं डाळ स्वस्त असली तर मला बी सांगा!"

खालून मायचं हसू आलं. मी ते इतक्या दिसांत ऐकलं नव्हतं. धाकलीनं लगेच हिशेब केला की ती आज जन्मली, म्हणून आज तिला गोड पायजे. मायनं गुळाचा शिरा केला. नव्या सालाचा पहिला महिना धाकलीच्या जुन्या झबल्याचा हाय. ते तिनंच ठरवलं. लई कापड हाय त्यात, पुरंल.

हा कागद कुठं धाडायचा नाय, कतरनीच्या डब्यात ठेवते. एकच सांगायचं राहिलं. मी हाक मारली अन् धाकलीनं ओ दिली, त्याच्या मधी मी जिन्याकडं बघितलं होतं.